बुडालेला रोज



खेळाडूवर व्याख्यान म्हटले म्हणजे वक्त्याने पदकांची यादी वाचावी, श्रोत्यांनी टाळ्या वाजवाव्यात आणि शेवटी तरुणांनी व्यायाम करावा असा उपदेश होऊन सभा संपावी, अशी आपल्याकडे रीत पडली आहे. व्यायाम करावा हे खरेच आहे. त्यासाठी आपल्याला उन्हाळ्याच्या दिवसांत येथे बसवून ठेवण्याची गरज नाही. मला आज बोलायचे आहे ते खेळ थांबल्यानंतरच्या दिवसांविषयी. मैदानावरची कारकीर्द दहा वर्षांची, फार तर पंधरा वर्षांची. माणसाचे आयुष्य मात्र साठ-सत्तर वर्षांचे. मधल्या या फरकाचा हिशेब कोणी करायचा? खेळाडूने, त्याच्या घरच्यांनी, सरकारने, की ज्यांनी त्याला खांद्यावर घेऊन मिरवले त्या आपण सर्वांनी?

हा प्रश्न आपल्याच मातीत उपजला असे समजू नका. तो फार स्पष्ट शब्दांत विचारला गेला तो सव्वाशे वर्षांपूर्वी, विलायतेत. रग्बी नावाचा एक खेळ आहे. लांबट चेंडू हातात घेऊन पळायचे, तो पुढे फेकायचा नाही, मागच्या गड्याकडेच द्यायचा, आणि प्रतिपक्षाने पळणाऱ्याला कवळ घालून खाली पाडायचे. आपल्या हुतूतूत चढाई करणाऱ्याची पकड करतात, तिची आठवण यावी असा हा प्रकार आहे. इंग्लंडच्या दक्षिणेकडे हा खेळ सुखवस्तू घरांतली शिकलेली मुले खेळत. उत्तरेकडे, यॉर्कशायर आणि लँकेशायर परगण्यांत, तो खेळत खाणीतले मजूर आणि कापड गिरण्यांतले कामगार. सामना असे शनिवारी. त्या दिवशीही खाण आणि गिरणी दुपारपर्यंत चालत असे. परगावच्या सामन्याला जायचे म्हणजे कामावर खाडा पडे, आणि खाडा पडला की रोज बुडे.

उत्तरेकडच्या संघांचे म्हणणे साधे होते. आमच्या गड्याला खेळण्याचे पैसे देऊ नका, पण त्याचा जो रोज बुडाला तेवढा भरून देऊ द्या. १८९३ साली हा ठराव लंडनला मुख्य संघटनेपुढे आला आणि बहुमताने फेटाळला गेला. खेळ हा शौकासाठी खेळावा, पैशाचा त्याला स्पर्श होऊ नये, असे तत्त्व सांगण्यात आले. तत्त्व उदात्त होते यात शंका नाही. पण ते सांगणाऱ्यांपैकी कोणाचा शनिवारचा रोज बुडत नव्हता! मग २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्ड गावच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेकडचे संघ जमले आणि त्यांनी आपली निराळी चूल मांडली. त्यातूनच पुढे ‘रग्बी लीग’ हा स्वतंत्र खेळ झाला. १९०६ साली त्यांनी पंधरा गड्यांचे तेरा केले. आणखी पुष्कळ वर्षांनी, सहा वेळा पकड झाली की चेंडू दुसऱ्या पक्षाला द्यायचा असा नियमही आला. पण त्या खेळाचा पाया नियमांच्या फरकात नाही, मजुराच्या बुडालेल्या रोजात आहे, हे ध्यानात ठेवावे.

त्यांचा आणखी एक नियम मला फार विचार करायला लावतो. १८९८ साली त्यांनी खेळाडूला पैसे देण्याची मोकळीक दिली, पण अट घातली की त्याला दुसरा खराखुरा कामधंदा असलाच पाहिजे. काम सुटले तर सामना नाही. ही अट जाचक ठरली आणि १९०५ मध्ये ती गेली. जायलाच हवी होती, कारण धंदा सुटलेल्या माणसाला खेळही बंद करायचा म्हणजे दुहेरी शिक्षा. तरी तिच्या मुळाशी असलेली काळजी खोटी नव्हती. गुडघा एकदा गेला की उद्या हा काय खाणार, ही ती काळजी.

या खेळाने मोठे केलेल्या एका खेळाडूचे उदाहरण सांगतो. क्लाइव्ह सलिव्हन हा वेल्समधल्या कार्डिफचा कृष्णवर्णी मुलगा, जन्म १९४३ चा. लहानपणी पायांवर शस्त्रक्रिया झाल्या आणि हा नीट चालेल की नाही अशी शंका होती. तो पुढे सैन्यात गेला, आणि १९६१ साली हल शहराच्या संघात शिरला. तो असा धावे की त्याला पकडणे कठीण. १९७२ साली तो ग्रेट ब्रिटनच्या संघाचा कर्णधार झाला, आणि फ्रान्समधल्या लिऑन येथे ऑस्ट्रेलियाविरुद्ध झालेल्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात जवळजवळ सगळे मैदान पळत जाऊन त्याने गुण मिळवला. सामना बरोबरीत सुटला आणि आधीच्या कामगिरीवर चषक ब्रिटनला मिळाला. हलमध्ये दोन संघ आहेत आणि त्यांचे हाडवैर आहे. हा दोन्हीकडून खेळला आणि दोघांनाही आपला वाटला. १९८५ साली अवघ्या बेचाळिसाव्या वर्षी कर्करोगाने तो गेला. त्या शहरात शिरणाऱ्या मुख्य रस्त्याच्या एका भागाला आज त्याचे नाव आहे. गावाने गड्याला लक्षात ठेवले ते असे. पण रस्त्याला नाव मरणानंतर देता येते. रोजचा प्रश्न जिवंतपणीचा असतो.

आता आपल्या घरात येऊ. खाशाबा दादासाहेब जाधव हे नाव येथे कोणाला सांगायला नको. मुळशीच्या तालमींतून तर नाहीच नाही. १५ जानेवारी १९२६ रोजी कराडजवळच्या गोळेश्वर गावी त्यांचा जन्म झाला. वडील स्वतः पैलवान. कराडच्या टिळक हायस्कुलात शिक्षण, ४२ च्या चळवळीत उडी, आणि मग कोल्हापूरला राजाराम कॉलेज. कोल्हापूर म्हणजे शाहू महाराजांनी कुस्तीला राजाश्रय दिलेले गाव. खासबागेचे मैदान १९१२ चे. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकला खाशाबा गेले ते कोल्हापूर दरबारच्या मदतीने. तोपर्यंत लाल मातीत खेळलेला हा गडी तेथे गादीवर उतरला आणि सहावा आला. माती आणि गादी यांतला फरक पैलवानांना ठाऊक आहे. पायाची पकड निराळी, डावाची वेळ निराळी, गुणांचा हिशेब निराळा.

१९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकच्या वेळी संस्थाने विलीन झाली होती आणि राजाश्रय संपला होता. निवडीतच अडथळा आला. निकालाविरुद्ध त्यांनी पतियाळाच्या महाराजांकडे दाद मागितली, पुन्हा कुस्ती लागली आणि ती त्यांनी जिंकली. निवड झाली, पण जायला पैसे नाहीत. गोळेश्वरच्या आणि आसपासच्या लोकांनी वर्गणी जमवली. राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. बंधूंनो, हा आकडा आज लहान वाटेल. आपल्या विद्यार्थ्यासाठी घर गहाण टाकणारा प्राचार्य मात्र आजही लहान वाटणार नाही.

हेलसिंकीत बँटमवेट गटात खाशाबांनी कॅनडा आणि मेक्सिकोच्या पैलवानांना हरवले. जपानच्या शोहाची इशीई याच्याशी झालेली लांबलेली लढत ते हरले. तोच पुढे सुवर्णपदकाचा धनी झाला. त्या लढतीनंतर पुरती विश्रांती न मिळताच त्यांना रशियाच्या रशीद मामेदबेकोव्हपुढे उभे राहावे लागले. दोन कुस्त्यांच्या मध्ये अर्धा तास मिळाला पाहिजे, असे भांडून सांगणारा आपला कोणीही अधिकारी तेथे हजर नव्हता, असे सांगतात. ते हरले आणि कांस्यपदक घेऊन परतले. स्वतंत्र भारताचे हे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. कराड स्थानकापासून गोळेश्वरपर्यंत दीडशेच्या आसपास बैलगाड्यांची मिरवणूक निघाली.

मिरवणूक संपल्यावर या माणसाने काय केले, ते ऐका. त्याने कुस्त्यांचे फड भरवले, त्यात स्वतः लढला, आणि आलेल्या पैशातून खर्डेकर गुरुजींचे गहाण पडलेले घर सोडवले. ऑलिंपिकचे पदक गळ्यात पडले तेव्हा डोक्यावर कर्ज होते आणि त्याने ते आधी फेडले. माझ्या मते खाशाबांच्या कारकिर्दीतली सर्वांत मोठी कुस्ती हीच. हेलसिंकीतल्या कुस्तीला पंच होते. या कुस्तीला पंच नव्हता. घर सोडवले नसते तरी कोणी गुण कापणार नव्हते.

पुढे १९५५ साली ते पोलीस खात्यात फौजदार झाले. सुमारे सत्तावीस वर्षे नोकरी केली. पोलिसांच्या स्पर्धा जिंकल्या, मुले शिकवली. बढतीची वाट मात्र फार लांबची ठरली. १९८३ मध्ये निवृत्त होताना ते सहायक पोलीस आयुक्त झाले होते. निवृत्तिवेतनासाठीही त्यांना खेटे घालावे लागले. १४ ऑगस्ट १९८४ रोजी रस्त्यावरच्या अपघातात त्यांचा अंत झाला. अर्जुन पुरस्कार १९६१ पासून दिला जातो. खाशाबांना तो मिळाला मरणोत्तर, नव्या शतकाच्या उंबरठ्यावर. दिल्लीच्या कुस्तीगृहाला त्यांचे नाव दिले गेले २०१० साली. त्यांचा जन्मदिवस महाराष्ट्र राज्य क्रीडा दिन म्हणून पाळू लागला तोही अगदी अलीकडे. हयातीत त्या माणसाच्या हाती आले ते मासिक वेतन आणि गावकऱ्यांचे प्रेम.

येथे खात्याला दोष देऊन मोकळे होणे सोपे आहे. पण थोडे खोलात जाऊन पाहा. फौजदाराची नोकरी देणाऱ्याने एक चांगलेच काम केले होते. त्या नोकरीवरच संसार उभा राहिला. उणीव होती ती निराळ्या ठिकाणी. खेळाडूला दारातून आत घेण्याचा मार्ग होता. आत आल्यानंतर त्याच्या विद्येचे काय करायचे, याचा विचार नव्हता. ज्याने मातीवरून गादीवर जाण्याचा अनुभव स्वतःच्या अंगावर घेतला, असा माणूस देशात तेव्हा किती होते? त्याला हाताखाली शंभर पोरे देऊन वीस वर्षे गादीवर बसवला असता, तर पुढच्या पदकाला चव्वेचाळीस वर्षे लागली असती काय? स्वतंत्र भारताचे दुसरे वैयक्तिक पदक मिळाले ते १९९६ साली, अटलांटाला, लिअँडर पेस याला टेनिसमध्ये. कुस्तीतले दुसरे पदक तर २००८ चे, सुशीलकुमारचे. म्हणजे छप्पन्न वर्षांनी. रोज बुडतो तो एकट्या खेळाडूचा नव्हे, देशाचाही बुडतो.

आणखी एक उदाहरण पुण्याचेच. मुरलीकांत पेटकर हे मूळचे सांगली जिल्ह्यातले, सैन्यातले मुष्टियोद्धे. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागल्या आणि कमरेखालचे अंग लुळे पडले. मुष्टियुद्धाची कारकीर्द तेथेच संपली. या गृहस्थांनी पोहणे धरले आणि १९७२ साली जर्मनीतल्या हायडेलबर्ग येथे अपंगांच्या ऑलिंपिकमध्ये पन्नास मीटर पोहण्याचे सुवर्णपदक ३७.३३ सेकंदांत मिळवले. भारताचे ते पहिले पॅरालिंपिक सुवर्ण. त्यानंतर पुण्याच्या टेल्को कारखान्यात त्यांनी नोकरी केली. पद्मश्री मिळाली ती २०१८ साली, म्हणजे सेहेचाळीस वर्षांनी. मानसन्मानाला उशीर झाला, पण मधल्या काळात कारखान्याचा पगार वेळेवर होत होता म्हणून घर चालले. सन्मान आणि उपजीविका या दोन निराळ्या गोष्टी आहेत. सन्मानाची वाट माणूस पाहू शकतो. चुलीला वाट पाहता येत नाही.

मग कोणी म्हणेल, ते दिवस गेले, आता खेळात पैसाच पैसा आहे. खरे आहे. आपल्या कबड्डीचेच पाहा. गिरणगावच्या चाळींतून, गावोगावच्या देवळांपुढच्या अंगणांतून वाढलेला हा खेळ. गिरण्या, बँका, रेल्वे, पोलीस यांच्या संघांत खेळून कित्येकांनी नोकऱ्या मिळवल्या. १९९० साली बीजिंगला तो आशियाई स्पर्धेत गेला. आणि २०१४ साली व्यावसायिक लीग सुरू होऊन खेळाडूंचा लिलाव पुकारला गेला. पहिल्या वर्षी सर्वांत मोठी बोली लागली राकेशकुमारवर, १२ लाख ८० हजारांची. २०२३ मध्ये पवन सेहरावतवर ती गेली २ कोटी ६० लाखांच्या वर. नऊ वर्षांतली ही मजल थक्क करणारी आहे. २०२४ च्या मार्चमध्ये आपल्या पुणेरी पलटणने अस्लम इनामदारच्या नेतृत्वाखाली विजेतेपद मिळवले तेव्हा पुण्यात केवढा आनंद झाला, हे आपण जाणताच. या पैशाला नाक मुरडणाऱ्यांतला मी नव्हे. १८९३ साली लंडनला ज्यांनी नाक मुरडले त्यांचीच ती पुनरावृत्ती होईल. ज्याच्या अंगावर लोक पैसा मिळवतात, त्याला त्यातला वाटा मिळालाच पाहिजे.

परंतु लिलावाचा स्वभाव ओळखून असावे. राजा आश्रय देई तो मर्जीवर. सरकार नोकरी देते ती फायलीवर. बाजार पैसे देतो तो वयावर. मर्जी फिरते, फाईल अडकते आणि वय तर कोणाचेच थांबत नाही. शिवाय लिलावात नाव पुकारले जाते ते निवडक गड्यांचे. आपल्या तालुक्यातून संध्याकाळी चड्डी-बनियनवर सरावाला जाणारी जी पोरे आहेत, त्यांतली बहुतेक त्या यादीत कधीच येणार नाहीत. त्यांचाही अभ्यास बुडतो, खुराकाला दूध-बदाम लागतात, गुडघ्याची शिर ताणते. त्यांचा बुडालेला रोज कोण भरणार?

तिन्हींना पुरा पडेल असा एकच आधार मला दिसतो. तो म्हणजे खेळाडूच्या हातची दुसरी विद्या, आणि ती शिकेपर्यंत त्याला सांभाळणारा समाज. पुण्याची वाहबीज भरूचा हिचे नाव आपण क्वचितच ऐकले असेल. ती भारताच्या महिला रग्बी संघाची कर्णधार होती. २०१९ साली मनिला येथे सिंगापूरला हरवून पंधरा जणींच्या प्रकारातला पहिला आंतरराष्ट्रीय विजय तिच्या नेतृत्वाखाली मिळाला. आणि ती व्यवसायाने फिजिओथेरपिस्ट, म्हणजे दुखावलेल्या सांध्यास्नायूंवर उपचार करणारी. मैदानावर जे शरीर झिजते, त्याच शरीराची विद्या तिने हाताशी ठेवली. ही सांगड सर्वांनाच जमेल असे नाही. पण प्रशिक्षकाची विद्या, शाळेतल्या व्यायामशिक्षकाची विद्या, कारखान्यातले एखादे कसब, शेतीचे नवे ज्ञान, यांपैकी काहीतरी पंचविशीच्या आत हाती यावे, एवढे तर पाहता येईल की नाही?

आपले सूस हे गाव आज मोठ्या बदलातून जात आहे. २०२१ साली ते पुणे महापालिकेत आले. जेथे भाताची खाचरे होती तेथे इमारती उभ्या राहिल्या. १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धांसाठी उभारलेले श्री शिवछत्रपती क्रीडासंकुल येथून थोड्याच अंतरावर म्हाळुंगे-बालेवाडीत आहे. तेथल्या नेमबाजीच्या मैदानावर सराव करणारा स्वप्निल कुसाळे हा कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीचा तरुण १ ऑगस्ट २०२४ रोजी पॅरिसला कांस्यपदक जिंकला. खाशाबांनंतर बहात्तर वर्षांनी महाराष्ट्राच्या खेळाडूने मिळवलेले हे वैयक्तिक ऑलिंपिक पदक. तो मध्य रेल्वेत तिकीट तपासनिसाच्या नोकरीत होता. राज्याच्या क्रीडा प्रबोधिनीने त्याला लहानपणीच उचलले, रेल्वेने पोटाची सोय केली, पदकानंतर बढतीही तत्काळ दिली. बहात्तर वर्षांत आपण काहीच शिकलो नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. २००५ पासून राज्य शासनाच्या नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के जागा राखीव आहेत, हीही मोठीच गोष्ट. त्यात खोटी प्रमाणपत्रे घेऊन शिरणारेही निघाले. अशा प्रत्येक खोट्या कागदामागे एका खऱ्या खेळाडूचा रोज बुडालेला असतो, हे तो कागद मिळवून देणाऱ्या मोठ्या माणसांनी ध्यानात घ्यावे.

आता सरकारने काय करावे याची यादी वाचण्यापेक्षा या गावाला काय करता येईल ते सांगतो आणि आपली रजा घेतो. जत्रेच्या फडात आपण इनामाच्या कुस्त्या लावतो. शेवटच्या कुस्तीचे इनाम दरवर्षी वाढते, आणि ते वाढावे. पण जमलेल्या वर्गणीतला दहावा हिस्सा बाजूला काढून तो दुखापत झालेल्या गड्याच्या औषधपाण्याला आणि तालमीतल्या मुलामुलींच्या शिक्षणाला राखून ठेवता येईल. मुलींचे नाव मी मुद्दाम घेतले. त्यांचा सराव घरकामापायी आधी बुडतो. दुसरे, गावात जो जुना खेळाडू असेल त्याला हारतुऱ्यापुरता न बोलावता आठवड्यातून दोन संध्याकाळी तालमीत बोलवावा आणि त्याच्या वेळेचे मानधन द्यावे. फुकट शिकवण्याची अपेक्षा ठेवू नये; आपण वकिलाला फुकट सल्ला विचारला तरी तो मनातल्या मनात फी मोजतोच! तिसरे, ज्या घरातले पोर खेळात पुढे जात आहे त्या घराने त्याचे पुस्तक मिटू देऊ नये, आणि शाळेने त्याची बुडालेली परीक्षा पुन्हा घ्यावी.

हडर्सफील्डच्या त्या हॉटेलात जमलेल्या मंडळींनी दान मागितले नव्हते. बुडालेला रोज मागितला होता. खर्डेकर गुरुजींनी घर गहाण टाकले ते दान म्हणून नव्हे, आणि खाशाबांनी ते सोडवले तेही उपकार म्हणून नव्हे. दोघांनीही हिशेब चोख ठेवला. खेळाडू आपल्या तरुणपणाची दहा वर्षे गावाच्या नावासाठी खर्च करतो. ती रक्कम आपल्या खात्यावर नावे पडलेली आहे. ती कधी आणि कशी फेडायची, हे ग्रामस्थांनी येत्या जत्रेच्या वर्गणीच्या बैठकीत ठरवावे, एवढीच विनंती करतो आणि माझे भाषण पुरे करतो.